राजाबाई मनोऱ्याखालच्या ग्रंथालयाचा इतिहास लिहिताना

मुंबई विद्यापीठाच्या फोर्ट संकुलातील ग्रंथालयाच्या इमारतीवर मराठीत एक छोटी पुस्तिका काढावी, असे आमच्या उपनगरातील सार्वजनिक ग्रंथालयाच्या कार्यकारिणीने मार्च २०२३ मध्ये ठरवले आणि लेखनाचे काम माझ्याकडे आले. मी त्या ग्रंथालयात ग्रंथपाल आहे. इतिहाससंशोधनाचे रीतसर शिक्षण मी घेतलेले नाही आणि तोवर कोणत्याही अभिलेखागाराची पायरी मी चढलेली नव्हते. पुस्तिका २०२४ च्या डिसेंबरात छापून आली. एखाद्या जुन्या वास्तूचा इतिहास लिहायला बसलेल्या माणसाला पहिल्या काही महिन्यांत जे चाचपडणे सोसावे लागते, ते दुसऱ्या कोणाचे थोडे तरी कमी व्हावे म्हणून हा सगळा प्रवास क्रमाने लिहीत आहे.

एप्रिल आणि मे हे दोन महिने घरी आणि आमच्या ग्रंथालयातच गेले. या इमारतीविषयी मराठीत जे लेख आणि पर्यटकांसाठीची माहितीपत्रके मिळाली, ती वाचताना लक्षात आले की बहुतेकांनी १८६४, १८६९, १८७४, १८७८ आणि १८८० या पाच वर्षांची सरमिसळ केलेली आहे. कोठे मनोरा १८७४ चा होतो, कोठे पायाभरणीच १८७८ ची होते. म्हणून मी एका मोठ्या कागदावर पाच रकाने आखले आणि प्रत्येक वर्षाखाली कोण काय म्हणतो ते लिहीत गेले. पुढचे सगळे काम या कागदाच्या आधाराने झाले. ज्यांना कोठून सुरुवात करावी हे सुचत नाही, त्यांनी कोणत्याही कार्यालयात जाण्यापूर्वी असा तक्ता करावा, कारण अभिलेखागारात गेल्यावर 'या इमारतीविषयी काय आहे ते दाखवा' असे म्हणून चालत नाही. वर्ष आणि खाते सांगावे लागते.

तक्त्यातल्या घटनांचा क्रम असा लागला. मुंबई विद्यापीठाची स्थापना १८ जुलै १८५७ ची. सुरुवातीला विद्यापीठाला स्वतःचे छप्पर नव्हते. १८६२ मध्ये न्यायमूर्ती रानडे आणि रामकृष्ण गोपाळ भांडारकर ज्या पहिल्या तुकडीतून पदवीधर झाले, त्या काळातले पदवीदान समारंभ टाऊन हॉलमध्ये होत. याच सुमारास किल्ल्याचे तट पाडले जात होते आणि पश्चिमेकडची एस्प्लनेड नावाची मोकळी जागा नव्या सार्वजनिक इमारतींसाठी उपलब्ध होत होती. गोविंद नारायण माडगांवकरांचे 'मुंबईचे वर्णन' १८६३ चे, म्हणजे नेमके या उलथापालथीच्या ऐन मध्यावरचे. त्यात या ग्रंथालयाचा उल्लेख असणे शक्य नाही, तरीही ते आधी वाचल्याचा मला मोठा लाभ झाला, कारण इमारत उभी राहण्यापूर्वीचे शहर त्यामुळे डोळ्यांपुढे राहिले.

ऑगस्ट १८६४ मध्ये कापसाचे व्यापारी आणि शेअर दलाल प्रेमचंद रायचंद यांनी ग्रंथालयासाठी दोन लाख रुपये देऊ केले. शहराला भूषण ठरेल आणि मागच्या तसेच पुढच्या पिढ्यांच्या विद्वत्तेचे भांडार होईल असे ग्रंथालय व्हावे, अशी इच्छा त्यांनी त्या वेळी व्यक्त केली. ऑक्टोबरमध्ये त्यांनी आणखी दोन लाख दिले, ते मोठे घड्याळ आणि घंटांचा संच असलेल्या मनोऱ्यासाठी. त्या मनोऱ्याला त्यांच्या मातोश्री राजाबाई यांचे नाव द्यायचे होते. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे मुंबईच्या कापसाला सोन्याचा भाव आलेला तो काळ. १ जुलै १८६५ ला तो बाजार कोसळला आणि पुढच्या वर्षात प्रेमचंदही त्यात सापडले. या घटनांचा क्रम वाचकाच्या मनात नीट ठसणे फार आवश्यक आहे असे मला वाटते. देणगी तेजीच्या शिखरावरची आहे; इमारत मात्र मंदीनंतरच्या सावध वर्षांत बांधली गेली आहे.

जूनच्या पहिल्या आठवड्यात महाराष्ट्र शासनाच्या पुराभिलेखागारात अभ्यासासाठी अर्ज केला. हे अभिलेखागार काळा घोडा भागात, एल्फिन्स्टन महाविद्यालयाच्या इमारतीत आहे. अर्जासोबत मी ओळखपत्राची प्रत, छायाचित्रे, विषयाचे एका पानात वर्णन आणि आमच्या ग्रंथालयाच्या अध्यक्षांचे शिफारसपत्र जोडले होते. शिफारसपत्रात 'संशोधनासाठी सहकार्य करावे' एवढेच मोघम न लिहिता विषय, कालखंड (१८६२ ते १८८२) आणि पाहावयाची खाती यांचा स्पष्ट उल्लेख करून घ्यावा, असा माझा आग्रहाचा सल्ला आहे. असे पत्र समोर असले की पुढची चर्चा तेथूनच सुरू होते. फोर्टमधल्या ग्रंथालयाची इमारत आतून पाहण्यासाठी आणि तेथील जुने छापील अहवाल वाचण्यासाठी वेगळा अर्ज केला. बाहेरच्या वाचकाने आधी लेखी परवानगी घेऊन जावे. संकुलाच्या फाटकाशी सुरक्षारक्षक अडवतात आणि पत्र जवळ असले तर ते अडवणे दोन मिनिटांत संपते.

याच काळात आणखी एका कार्यालयात जुन्या नकाशाच्या प्रतीसाठी दिलेला अर्ज गहाळ झाला. पोच घेतलेली प्रत माझ्याकडे होती, त्यामुळे तारीख दाखवून नव्याने अर्ज करता आला, तरी ऑगस्टपर्यंतचा काळ त्यात गेला. प्रत्येक अर्जाची पोच तारीख आणि शिक्क्यासह घ्यावी आणि तिचे मोबाइलवर छायाचित्र काढून ठेवावे.

अभिलेखागारातल्या पहिल्या दिवशी मला खरोखर भीती वाटली होती. तेथे ग्रंथालयासारखी विषयवार तालिका नसते. कागद ज्या खात्याने हाताळले त्या खात्याच्या नावाने आणि वर्षाच्या क्रमाने बांधलेले खंड असतात आणि आपला विषय कोणकोणत्या खात्यांच्या हातून गेला असेल याचा विचार आपणच करायचा असतो. देणगीचे पत्र शिक्षण खात्याच्या कागदांत शोधावे, जागेचा आणि बांधकामाचा व्यवहार सार्वजनिक बांधकाम खात्याच्या कागदांत, आणि पैशांचा विषय या दोन्हींत. तेथल्या एका ज्येष्ठ कर्मचाऱ्यांनी माझा पाच रकान्यांचा कागद पाहिला आणि म्हणाले, "ताई, वर्ष धरून येऊ नका, त्याच्या पुढचं वर्ष धरून या. ऑक्टोबरच्या पत्राचा निर्णय त्याच वर्षी लागतो असं कुठे असतं?" हा सल्ला मला पुढे सतत उपयोगी पडला.

मागणीपत्र सकाळी लवकर भरून द्यावे, कारण खंड आतून आणायला वेळ लागतो आणि दुपारनंतर दिलेली मागणी बहुधा दुसऱ्या दिवसावर जाते. टिपणासाठी शिसपेन्सिल न्यावी. भिंग जवळ असावे. कागद फार जुना आणि ठिसूळ असेल तर पान उलटण्याची घाई करू नये. काही खंड दुरुस्तीसाठी गेलेले असतात आणि ते मिळतील तेव्हाच मिळतात, अशा वेळी दुसरा खंड मागवून काम चालू ठेवावे. त्या काळातले वळणदार इंग्रजी हस्ताक्षर पहिले काही दिवस अजिबात लागत नाही. मी एकाच कारकुनाच्या हातची पत्रे सलग वाचत गेले आणि त्यांतली तारीख, मायना व शेवटची ठराविक वाक्ये ओळखीची झाल्यावर मधला मजकूर हळूहळू उलगडू लागला. प्रत्येक टिपणाच्या डोक्यावर खाते, वर्ष, खंडाचा क्रमांक आणि पान लिहिण्याची शिस्त पहिल्या दिवसापासून पाळावी. नावांचे स्पेलिंग एकाच दप्तरात तीन तऱ्हांचे आढळते, म्हणून सूचीत शोधताना सगळे पर्याय पाहावेत.

वास्तूचा आराखडा सर जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट यांचा. लंडनमधल्या सेंट पँक्रस स्थानकाचे हॉटेल आणि ग्लासगो विद्यापीठाची मुख्य इमारत त्यांचीच. ते मुंबईला कधीही आले नाहीत. त्यांनी लंडनमध्ये बसून रेखाटने केली आणि ती समुद्रमार्गाने येथे आली. पायाभरणी १ मार्च १८६९ ला झाली, तेव्हा सुएझचा कालवाही खुला झालेला नव्हता. तो त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात खुला झाला. म्हणून या काळातली पत्रे वाचताना पत्रावरची तारीख आणि ते येथे पोचल्याची नोंद या दोन्ही टिपून घ्याव्यात. लंडनच्या पत्रावरची तारीख हीच मुंबईतल्या निर्णयाची तारीख धरली, तर सगळा क्रम बिघडतो.

स्कॉट यांच्या रेखाटनांना येथल्या हवेशी आणि दगडाशी जुळवून घ्यावे लागले. इमारतीला पिवळसर कुर्ला दगड वापरलेला आहे, कोरीवकामासाठी पोरबंदरचा मऊ दगड आहे आणि पुढच्या बाजूच्या कमानींच्या सज्जांमुळे आतल्या खोल्यांवर थेट ऊन आणि पावसाचा मारा येत नाही. युरोपातल्या चौदाव्या शतकातल्या गॉथिक वळणाची, म्हणजे टोकदार कमानींची, ही इमारत ओव्हल मैदानाच्या कडेला परकी दिसत नाही, याचे मोठे श्रेय या सज्जांना आहे, असे माझे मत झाले आहे.

आणि मनोऱ्यावरच्या मूर्ती. मुंबई शहराच्या १९०९-१० च्या गॅझेटियरमध्ये, म्हणजे सरकारी माहितीग्रंथात, या इमारतीचे वर्णन वाचताना एका वाक्यापाशी मी थांबले. पश्चिम भारतातल्या निरनिराळ्या जातीजमातींच्या माणसांच्या ज्या मूर्ती मनोऱ्यावर आहेत, त्यांचे नमुने मुकुंद रामचंद्र या सहायक अभियंत्याने घडवले, अशी नोंद आहे. माहितीपत्रकांत स्कॉट यांचे नाव असते, प्रेमचंदांचे असते; मुकुंद रामचंद्रांचे नाव मला त्यांपैकी एकातही दिसले नव्हते. लंडनच्या कागदावर आखलेल्या मनोऱ्याला येथल्या माणसांचे चेहरे, पागोटी आणि वेश ज्याने दिले, तो माणूस सरकारी नोकरीतला एक देशी अभियंता होता, हे वाचून मला झालेला आनंद शब्दांत सांगणे कठीण आहे. पुस्तिकेत त्यांच्या नावाचे स्वतंत्र प्रकरण करायचे, हे त्याच दिवशी ठरले. या मूर्ती पाहायच्या असतील तर दुर्बीण घेऊन ओव्हल मैदानावर जावे आणि दुपारी तीननंतर जावे, कारण पश्चिमेचे ऊन तेव्हा मनोऱ्याच्या त्या अंगावर पडते आणि सकाळी सावलीत विरलेले तपशील स्पष्ट दिसू लागतात.

मनोऱ्याची उंची २८० फूट आहे. तळापासून पहिल्या सज्जापर्यंत ६८ फूट तो चौकोनी आहे, तेथून वर ११८ फूट अष्टकोनी भाग आणि त्यावर कळसापर्यंत ९४ फूट. ही बेरीज मी स्वतः करून पाहिली आणि मगच आकडे पुस्तिकेत घातले. मापे छापण्यापूर्वी त्यांची बेरीज जुळते का ते अवश्य पाहावे. घड्याळ लंडनच्या लुंड अँड ब्लॉकली यांचे. पूर्वी या घंटांवर दिवसाच्या वेगवेगळ्या वेळी निरनिराळ्या इंग्रजी चाली वाजत.

इमारत नोव्हेंबर १८७८ मध्ये पूर्ण झाली आणि १८८० मध्ये ग्रंथालय खुले झाले. १८७४ हे वर्ष शेजारच्या पदवीदान सभागृहाचे आहे. त्याचे देणगीदार सर कावसजी जहांगीर, आराखडा मात्र त्याचाही स्कॉट यांचाच, आणि त्यामुळेच दोन्ही वास्तूंच्या तारखा एकमेकींत मिसळल्या गेल्या आहेत. खर्चाच्या बाबतीतही अशीच काळजी घ्यावी लागली. प्रेमचंदांची देणगी चार लाखांची आणि मनोऱ्यासह ग्रंथालयाचा खर्च साडेपाच लाखांच्या आसपासचा. 'प्रेमचंदांनी साडेपाच लाखांत इमारत बांधून दिली' असे वाक्य पुष्कळ ठिकाणी आढळते. मी देणगी आणि खर्च हे दोन आकडे वेगवेगळ्या वाक्यांत, वेगवेगळ्या वर्षांसह लिहिले.

राजाबाई अंध होत्या, जैन आचाराप्रमाणे सूर्यास्तापूर्वी जेवण करता यावे म्हणून त्यांना वेळ कळवणाऱ्या घंटा मुलाने बसवल्या, ही हकीकत मुंबईत सर्वांना ठाऊक असते आणि आमच्या कार्यकारिणीतल्या अनेकांना ती पुस्तिकेच्या पहिल्याच पानावर हवी होती. यावर दोन बैठकांत चर्चा झाली. देणगी ऑगस्ट-ऑक्टोबर १८६४ ची आणि मनोरा १८७८ चा. मधल्या चौदा वर्षांकडे पाहिले की ही कथा लोकांच्या प्रेमातून आलेली म्हणून सांगावी, इतिहास म्हणून सांगू नये, हे मी सभासदांना पटवू शकले. ती शेवटच्या प्रकरणात 'लोक सांगतात' अशा शब्दांत गेली. २५ एप्रिल १८९१ रोजी मनोऱ्यावरून पडून दोन पारशी तरुणींचा मृत्यू झाला, त्याविषयी त्या काळी आणि पुढेही भडक भाषेत खूप लिहिले गेले. पुस्तिकेत मी त्या घटनेला दोन ओळी दिल्या आणि त्याहून अधिक दिल्या नाहीत. मनोरा आज लोकांसाठी बंद आहे. वर जाण्याची परवानगी मागण्यात वेळ घालवू नये.

विद्यापीठाच्या ग्रंथालयाच्या आत मी प्रथम गेले ते सप्टेंबर २०२३ मध्ये. रंगीत काचांतून येणारा प्रकाश, गोल जिना, उंच लाकडी छत आणि त्याखाली मान खाली घालून वाचणारी मुले पाहून मी बराच वेळ काही लिहू शकले नाही. मी आयुष्यभर ट्यूबलाइटखाली पुस्तके दिली आणि घेतली आहेत. पुस्तकांसाठी एवढ्या आदराने जागा बांधली जाऊ शकते, याचा अनुभव मला त्या दिवशी आला.

येथे एक गोष्ट नीट समजून घ्यावी लागली. इमारत उभी राहिली तेव्हा मुंबई विद्यापीठ शिकवत नव्हते. ते परीक्षा घेत होते आणि पदव्या देत होते. शिकवणे महाविद्यालयांत चाले. म्हणजे वर्ग नसलेल्या विद्यापीठाने आधी ग्रंथालय बांधले. पुढे १९०४ च्या कायद्याने विद्यापीठांना अध्यापनाची वाट मोकळी झाली आणि १९१९ मध्ये पॅट्रिक गेडिस यांच्या नेतृत्वाखाली समाजशास्त्राचा विभाग सुरू झाला. त्यांच्यामागून १९२४ मध्ये मालवणचे गोविंद सदाशिव घुर्ये विभागप्रमुख झाले. ग्रंथालयाचा संग्रहही वाढत गेला. अरबी, फारसी आणि उर्दू हस्तलिखितांची वर्णनात्मक सूची १९३५ मध्ये निघाली, तर भगवतसिंहजी आणि भडकमकर या संग्रहांतल्या संस्कृत-प्राकृत हस्तलिखितांची देवस्थळी यांनी केलेली सूची १९४४ ची आहे. इमारतीचा इतिहास लिहिणाऱ्याने दगडांपाशी थांबू नये, आत काय जमा होत गेले तेही पाहावे, असे मला ग्रंथपाल म्हणून आवर्जून सांगावेसे वाटते, आणि त्यासाठी या छापील सूच्यांच्या प्रस्तावना फार मोलाच्या आहेत.

शेवटचे प्रकरण जीर्णोद्धाराचे. टाटा कन्सल्टन्सी सर्व्हिसेसने दिलेल्या सुमारे चार कोटी रुपयांतून, वास्तुविशारद बृंदा सोमय यांच्या देखरेखीखाली दगडी कोरीवकाम, रंगीत काचा आणि लाकूडकाम यांची दुरुस्ती झाली आणि मे २०१५ मध्ये इमारत पुन्हा खुली झाली. ३० जून २०१८ ला ओव्हल मैदानाभोवतीच्या व्हिक्टोरियन गॉथिक आणि आर्ट डेको (विसाव्या शतकाच्या पूर्वार्धातली शैली) वास्तूंच्या समूहाला जागतिक वारसा म्हणून मान्यता मिळाली. उत्तरेचे उच्च न्यायालय आणि दक्षिणेचे जुने सचिवालय यांच्यासोबत हे ग्रंथालय त्या समूहात आहे. हा भाग लिहायला सर्वांत सोपा गेला, कारण अलीकडची कागदपत्रे छापील आहेत आणि त्या कामाशी संबंधित माणसे बोलायला उत्सुक असतात.

लेखन जानेवारी ते जून २०२४ या काळात झाले. त्यानंतर एका निवृत्त प्राध्यापिकेने सगळ्या तारखा माझ्या टिपणांशी ताडून पाहिल्या. असे कोणी मिळाल्याशिवाय छपाईला जाऊ नये. आपलेच वाक्य आपल्याला सारखे बरोबर दिसत राहते. खर्चाचे म्हणाल तर प्रवास, छायाप्रती, नकाशाची मोठी छपाई आणि दोन जुन्या पुस्तकांच्या पुनर्मुद्रित प्रती मिळून सुमारे सहा हजार रुपये लागले. छपाईचा खर्च ग्रंथालयाने वेगळा केला. गॅझेटियर इंटरनेटवर विनामूल्य वाचता येते, त्यामुळे ते विकत घेण्याची आवश्यकता नाही.

सर्वांत जास्त वाट पाहावी लागली ती जुनी छायाचित्रे छापण्याच्या परवानगीसाठी. ज्या संस्थेकडे मूळ छायाचित्र आहे तिच्याकडे पाहण्याची आणि छापण्याची परवानगी वेगवेगळी मागावी लागते. छापण्याच्या अर्जात प्रतींची संख्या, पुस्तिकेची किंमत आणि छायाचित्राचा आकार लिहावा लागला. आमची पुस्तिका विनामूल्य वाटायची होती, हे अर्जात आरंभीच लिहिल्यामुळे शुल्कात सवलत मिळाली, तरी पत्र हाती यायला ऑक्टोबर उजाडला. हा अर्ज लेखन संपण्याची वाट न पाहता पहिल्या प्रकरणासोबतच करावा. छापलेल्या पुस्तिकेच्या प्रती ज्या ज्या संस्थांनी कागद दाखवले त्यांना नेऊन दिल्या, आणि टिपणांची वही खंडांच्या क्रमांकांसह आमच्या ग्रंथालयात संदर्भ विभागात दाखल केली आहे. ती कोणालाही तेथे बसून वाचता येईल.